दातांत चिमटे धरायचे नाहीत

मंगळवार, २७ ऑगस्ट

ही वही मिस्टीनं दिली. मिस्टी म्हणजे काउंटीच्या मुख्य गावातल्या ब्यूटी स्कूलची मास्तरीण. तिचे पहिलेवहिले केस मीच कापलेत. खुर्चीवर फळी ठेवून बसवलं होतं, तर पोरीनं असं भोकाड पसरलं की समोरच्या धान्याच्या दुकानातून माणसं धावत आली. आज तीच माझ्यासमोर चष्मा लावून बसली आणि म्हणाली, "मिस वर्लीन, तुमच्या हातांना मी काय शिकवणार? पण परीक्षेत बोलायला बंदी आहे. एक शब्दसुद्धा नाही. आणि तुम्ही आल्यापासून श्वास घ्यायलाही थांबला नाहीत. आता जे बोलायचं ते घरी जाऊन या वहीत बोला. तोंडाला सवय होईल."

बघा! म्हणे तोंडाला सवय. चाळीस वर्षं मी केस कापतेय आणि चाळीस वर्षं बोलतेय. दोन्ही एकाच नळाचं पाणी आहे.

झालं ते लिहिते. गेल्या शुक्रवारी मिस इमोजीन ड्रायरखाली बसल्या होत्या. आमच्याकडे लग्न झालेल्या बाईलाही मानानं मिसच म्हणतात. त्यांचा शुक्रवार ठरलेला, मी दुकान उघडलं तेव्हापासून. मी त्यांना गावाची खबरबात देत होते, आणि दारातून राज्याच्या मंडळाचा इन्स्पेक्टर आत आला. पोरगेलासा होता. "मॅडम, लायसन बघू." मी म्हटलं, "बघ की, आरशावर टांगलंय." तो बराच वेळ मान वर करून बघत राहिला. मला वाटलं, माझा फोटो बघतोय. त्या फोटोत मी फार छान दिसते. मग म्हणाला, "मॅडम, हे सहा वर्षांपूर्वी संपलंय."

सहा वर्षांपूर्वी डॅरेल, माझा नवरा, गेला. कागदपत्रं सगळी तोच बघायचा. त्या वर्षी मी पत्रपेटी उघडत नव्हते, आणि उघडली तरी सगळं तसंच शेकोटीत टाकत होते. नंतर कधी डोक्यातच आलं नाही. भिंतीवर काच आहे, काचेत कागद आहे, आणखी काय हवं?

पोरगा वाईट नव्हता. म्हातारीला ओल्या केसांनी कशी पाठवणार म्हणून त्यांचं आटपेपर्यंत थांबला. मी दिलेला पीचचा केक खाल्ला, आणि मग दुकान बंद केलं.

इतकी वर्षं उलटल्यावर नुसतं नूतनीकरण होत नाही. लेखी परीक्षा, मग हाताची. हाताच्या परीक्षेला दोनदा बसता येतं. दोन्हीदा आपटले तर पुन्हा पहिल्यापासून शाळा, अठरा वर्षांच्या पोरींच्या बाकावर. मी एकसष्ट वर्षांची आहे. तेवढं माझ्याच्यानं होणार नाही, मग दुकान गेलंच म्हणायचं. इथे स्पष्ट लिहून ठेवते, म्हणजे स्वतःला थापा मारणार नाही.

रविवार, १ सप्टेंबर

चर्चला गेले. सगळे फार गोड बोलले. माणूस मेल्यावर बोलतात तसं.

ब्रदर लाइल, आमचे पाद्री, यांनी जाहीर केलं की चर्चच्या फोटोंच्या पुस्तकासाठी बावीस तारखेला फोटोवाला येणार. दर पाच वर्षांनी अख्ख्या हिकरी बेंडचे, म्हणजे आमच्या गावाचे, फोटो निघतात. त्याआधीचा आठवडा म्हणजे माझा ख्रिसमसच. दुकानात उभं राहायला जागा नसते. या वर्षी मी घरात बसून लेखी परीक्षेसाठी कवटीच्या हाडांची नावं पाठ करणार. कवटीत किती हाडं आहेत हे माहीत नसताना मी अख्ख्या गावाच्या कवट्या सांभाळल्या, ते कोणाला दिसत नाही.

रविवार, ८ सप्टेंबर

ब्रदर लाइलचे केस कॉलरला लागलेत. देवाचं काम करणाऱ्या माणसानं आरशात बघू नये, असं कुठल्या अध्यायात लिहिलंय?

आणि मिस इमोजीन डोक्याला रुमाल बांधून आल्या. बाहेर अंग भाजून निघतंय आणि ही बाई रुमाल बांधून! मी विचारलं तर म्हणतात, "वाऱ्यानं कान दुखतो गं." कसला वारा? झाडाचं पान हलत नव्हतं.

मला समजलं बरं का. त्या हायवेवरच्या 'कट कॉर्नर'मध्ये गेल्या असणार. तिथल्या पोरींनी केसांची वाट लावली असणार आणि आता मला तोंड दाखवायला लाज वाटत असणार. जाऊ दे. चौऱ्याऐंशी वर्षांच्या बाईनं कोणाकडे तरी जायलाच हवं. मी रागावले नाही. घरी येऊन सगळी भांडी पुन्हा घासली, घासलेलीसुद्धा.

मंगळवार, १७ सप्टेंबर

लेखी पास! कॉम्प्युटरवर घेतात. शेजारी एक निळ्या केसांची पोर बसली होती, तिनं मला उंदीर कसा धरायचा ते दाखवलं. मग मी निघताना तिला सांगितलं की त्या निळ्या रंगाखाली तिचे केस जळतायत, आठवड्यातून एकदा अंड्याचा बलक लाव. ती रडायलाच लागली, म्हणाली माझी आजी असंच सांगायची. मग आम्ही दोघींनी गाड्यांच्या तळावर बसून सँडविच खाल्लं.

लेखीत बोलायचं नसतं हे मला जड गेलं नाही. हात नुसतेच मांडीवर होते. हात चालायला लागले की तोंड चालतं, खरं घोडं तिथे अडतं.

शुक्रवार, २० सप्टेंबर

फोटोचा दिवस पुढे ढकलला. फोटोवाल्याची पाठ धरली म्हणे. बिचारा. ब्रदर लाइल मला हे सांगताना सारखे बुटांकडे बघत होते. बूट पुसायला झालेत हे त्यांचं त्यांना दिसलं तर बरं.

धान्याच्या दुकानातल्या हॉलिसची दाढी छातीपर्यंत आलीय. मी म्हटलं, "हॉलिस, यात पाखरं घरटं करतील." तर म्हणतो, "करू देत. भाडं घेईन." बायको गेल्यापासून हा माणूस दर महिन्याला माझ्याकडे येत होता. आता स्वतःकडे बघणंच सोडलंय. या गावाला झालंय तरी काय? माझं दुकान बंद झालं म्हणून माणसांनी अवताराचं भान सोडायचं?

मंगळवार, १ ऑक्टोबर

नापास.

लिहायची इच्छा नाही. पण लिहिते, नाहीतर रात्री आढ्याला सांगत बसेन.

परीक्षेला माणसाचं डोकं नसतं, रबरी बाहुलीचं डोकं असतं, टेबलाला घट्ट बसवलेलं. प्रत्येक वस्तू आपापल्या पिशवीत, पिशवीवर नाव. कंगवा जमिनीवर पडला तर उचलून वापरायचा नाही. हाताला काही लागलं तर हात धुवायचे. सगळं येत होतं मला. मिस्टीनं घोकून घेतलं होतं.

परीक्षक बाई कोपऱ्यात उभी, हातात गुण लिहायची पाटी. मी मनाशी ठरवलेलं, तोंड उघडायचं नाही म्हणजे नाही. पहिला रोलर गुंडाळला, दुसरा गुंडाळला, आणि जीभ वळवळायला लागली. समोर डोकं आहे, मान जरा वाकडी आहे, आणि त्या डोक्याला "मान खाली घे गं राणी" म्हणायचं नाही! हात थांबले. तोंड बंद ठेवायला काहीतरी हवं होतं, म्हणून मी नेहमीसारखे चार चिमटे दातांत धरले.

मला कळलंसुद्धा नाही. चाळीस वर्षांची सवय. दातांत चिमटे असले की हात मोकळे राहतात, आणि तेवढा वेळ गिऱ्हाइकालाही बोलायला मिळतं. पुढचे रोलर असे सुरेख बसले म्हणून सांगू! माझं मलाच कौतुक वाटलं. मग मी दातांतला चिमटा काढून केसाला लावला, तशी परीक्षक बाईनं डोळे मिटून घेतले. वाईट वाटलं असावं तिला. स्वच्छतेत शून्य. स्वच्छतेत शून्य म्हणजे बाकी सगळं शून्य.

मिस्टी दारात उभी होती. मी म्हटलं, "बोलले नाही गं मी. एक शब्द बोलले नाही." ती म्हणाली, "मला माहितेय, मिस वर्लीन," आणि मला मिठी मारली. तिच्या केसांना फाटे फुटलेत. इतकी वर्षं सांगतेय, ट्रिम कर.

आता एकच संधी. सहा नोव्हेंबर.

शुक्रवार, ४ ऑक्टोबर

सकाळी दहाच्या ठोक्याला मागच्या दारावर टकटक. मिस इमोजीन. रुमालासकट.

"दुकान बंद आहे, मिस इमोजीन," मी म्हटलं.

"मला डोळे आहेत. शुक्रवार तर बंद नाही ना? कॉफी टाक."

स्वयंपाकघरात मी टेबलावर सरावाचं डोकं बसवलं होतं. त्या समोर बसल्या आणि म्हणाल्या, "कर सुरू. मी बघते."

मी रोलर घेतला आणि त्याच क्षणी सांगायला लागले की हॉलिसच्या पोरीचं म्हणे...

"गप्प!" म्हातारी कडाडली. माझ्या हातातला कंगवा पडला. "तू गप्प बैस. आज मी बोलते. चाळीस वर्षं मी एक गोष्ट सुरू करतेय आणि चाळीस वर्षं तू मला ती पुरी करू देत नाहीस."

"कुठली गोष्ट?"

"हे बघ, पुन्हा! कंगवा पिशवीत टाक, नवा घे, हात धू, आणि ऐक. एकोणसाठ साली आमच्या गवताच्या रानात एक विमान उतरलं."

मी तोंड उघडलं. त्यांनी बोट वर केलं. मी मिटलं.

शेतावर औषध फवारायचं लहान विमान होतं. पेट्रोल संपलेलं. आत एक पायलट, दात पांढरेशुभ्र. मिस इमोजीन एकोणीस वर्षांच्या, डोक्यात आईचे रोलर, अंगात घरचा झगा. त्यांच्या बापानं ट्रॅक्टरमधलं पेट्रोल त्याला दिलं. तो पायलट टाकीचं झाकण लावत म्हणाला, "येतेस का एक चक्कर?"

आणि तेवढ्यात त्या उठल्या, कॉफीचा कप धुतला आणि म्हणाल्या, "पुढचं पुढच्या शुक्रवारी."

मी खाली बघितलं तर अख्खं डोकं रोलरांनी भरलेलं. कधी केलं, आठवत नाही. एक चिमटासुद्धा तोंडात नव्हता, कारण तोंड उघडंच पडलं होतं.

शनिवार, १२ ऑक्टोबर

काल त्या विमानात चढल्या. रोलरांसकट! बाप मागून फावडं घेऊन धावतोय, आणि खाली अख्खी दरी, नदी, चर्चचं टोक. "एवढंसं होतं गं गाव, तळहातावर मावेल इतकं," म्हणाल्या. मी हुंदका दिला की हसले, मलाच कळलं नाही. हात मात्र चालू होते.

रात्री हायस्कूलचा होमकमिंगचा, म्हणजे जुन्या मुलांच्या मेळाव्याचा, फुटबॉलचा सामना होता, म्हणून गेले. मधल्या वेळात मुली मैदानावर झगे घालून आल्या, तर एकजात सगळ्यांच्या वेण्या! आयांनी घातलेल्या, वेड्यावाकड्या. एकीचेही केस कुरळे केलेले नाहीत, एकीचाही अंबाडा नाही. या वर्षी वेण्यांची फॅशन आलीय वाटतं. मला कोण सांगणार? मी आता धंद्यातून बाहेर पडल्यातच जमा.

मंगळवार, १५ ऑक्टोबर

जे केलं ते सांगायला लाज वाटते, पण वहीला काय लाजायचं.

हायवेवर गेले आणि 'कट कॉर्नर'समोर ट्रकमध्ये बसून राहिले. माझ्या गिऱ्हाइकांतलं कोण कोण तिथे जातं ते बघायला. दोन तास बसले, बरोबर आणलेले भाजलेले शेंगदाणे संपले, पण ओळखीचं एक माणूस दिसलं नाही. मग तिथलीच एक पोर बाहेर आली. गोड होती. "मॅडम, आत या ना, उन्हात का बसलात? हिकरी बेंडच्या आहात का? तुमच्या गावात आम्ही दोनदा कूपनं वाटली. एक माणूस येईल तर शपथ."

एक माणूस नाही! म्हणजे ते स्प्रिंगफील्डला जातात. दोन तास गाडी हाकून! माझ्यापासून इतकं लांब जायचं होतं का सगळ्यांना? येताना मला रस्ता नीट दिसत नव्हता.

रविवार, २० ऑक्टोबर

फोटोचा दिवस दुसऱ्यांदा पुढे गेला. आता फोटोवाल्याचा कॅमेरा बिघडलाय. ब्रदर लाइलच्या कानांवरून केस आलेत आणि ते प्रवचन देताना सारखे फुंकर मारून डोळ्यांवरचे उडवतात. आज विषय होता धीर. "ज्याची वाट बघावी ते येतंच," म्हणाले, आणि सगळे माझ्याकडे बघायला लागले. माझ्या टोपीला काही लागलंय की काय म्हणून मी चाचपून बघितलं.

शनिवार, २६ ऑक्टोबर

काल मिस इमोजीनचं विमान वाट चुकलं. त्या पायलटला विमान चालवता येत होतं, पण रस्ता माहीत नव्हता आणि विचारायला कोणी नव्हतं. भलत्याच रानात उतरले. तिथे तो म्हणाला, "माझ्याशी लग्न कर." त्या म्हणाल्या, "ज्याला घर सापडत नाही त्याच्याशी लग्न करून मी राहू कुठे?"

मी इतकी हसले की रोलर हातातून सुटला. पिशवीत टाकला, हात धुतले, नवा घेतला. न सांगता.

बुधवार, ३० ऑक्टोबर

काय झालं ते कसं लिहू!

पोस्टात गेले. रांगेत पुढे फोटोवाला. दर पाच वर्षांनी बघते, ओळखला. हे एवढं खोकं खांद्यावर घेऊन उभा. मी म्हटलं, "अरे बाबा, ठेव ते खाली! तुझी पाठ!"

"कसली पाठ?"

"धरली होती ना तुझी पाठ? मग कॅमेरा बिघडला."

"माझी पाठ ठणठणीत आहे, मॅडम. कॅमेरा पण. तुमच्या पाद्रीबाबांचा फोन येतो सारखा की इतक्यात नको. केशकर्तनवाल्या बाईंचं लायसन यायचंय, तोवर आमच्या गावात कोणी फोटोला बसणार नाही."

मी तशीच चर्चमध्ये गेले. ब्रदर लाइल ऑफिसात टेबलापाशी बसलेले, केस डोळ्यांवर.

"तुम्ही खोटं बोललात," मी म्हटलं. "पाद्री असून! पाठ काय, कॅमेरा काय!"

ते उभे राहिले. लाल झाले. "वर्लीन, त्याबद्दल मी रोज माफी मागतो. तुमची नव्हे, वरच्याची."

"आणि हे केस?"

"ऑगस्टमध्ये मिस इमोजीन इथे चर्चमध्ये उभ्या राहिल्या. तुम्ही आला नव्हतात त्या दिवशी. म्हणाल्या, जो कोणी हायवेवर जाऊन डोकं देईल, त्यानं माझ्या अंत्ययात्रेला येऊ नये. बस, तेवढंच म्हणाल्या. मग कोण जातंय?"

"हॉलिस?"

"हॉलिसनं तर पोरीच्या वेण्या घालायलासुद्धा शिकून घेतलं. तुम्हाला सांगितलं असतं तर जिवाला घोर लागला असता, म्हणून कोणी बोललं नाही."

कोणी बोललं नाही. हिकरी बेंडमध्ये! जिथे कोंबडीनं अंडं दिलं तरी संध्याकाळपर्यंत नदीपलीकडे कळतं!

मी काहीतरी कडक बोलणार होते, पण रडायलाच आलं. त्यांनी मला हातरुमाल दिला. मी नाक पुसलं आणि म्हटलं, "मूर्ख आहात तुम्ही सगळे. डोकी बघा स्वतःची. देवाला दाखवण्यासारखी नाहीत."

आणि घरी आले तेव्हा खरं काय ते ध्यानात आलं. आतापर्यंत मी आपटले असते तर एकटी आपटले असते. आता अख्खं गाव केस वाढवून बसलंय. मी नापास झाले तर यांनी काय करायचं? आणि मिस इमोजीन त्या रुमालाखाली वाट बघत म्हाताऱ्या होणार? आधीच किती म्हाताऱ्या आहेत!

शुक्रवार, १ नोव्हेंबर

मिस इमोजीन आल्या. मला माहीत झालंय हे त्यांना माहीत होतं. मी त्यांच्यावर ओरडायचं ठरवलं होतं. त्या बसल्या आणि म्हणाल्या, "तर कुठे होते मी? रानात."

मी रोलर घेतला.

पायलटला तिथेच सोडून त्या रस्त्यावर आल्या. कोंबड्यांचा ट्रक जात होता, त्यात बसल्या. घरी पोचेपर्यंत रोलरांत पिसं अडकलेली. ट्रकवाला वाटेत एक शब्द बोलला नाही. दारात उतरवताना फक्त म्हणाला, "हे केस मोकळे सोडलेले बघायला मी रविवारी आलो तर चालेल?"

"वॉल्टर?" मी ओरडले. वॉल्टर म्हणजे त्यांचा नवरा. मी त्याचे केस पंचवीस वर्षं कापले. तो गेला तेव्हा पण मीच कापले. "आपला वॉल्टर?"

"आपला वॉल्टर," मिस इमोजीन म्हणाल्या. "तुला वाटलं, तो तुझ्या खुर्चीत गप्प बसायचा कारण तू बोलत होतीस. तो जन्माचाच गप्प होता. मग गोष्टी मी कोणाला सांगायच्या?"

मी त्यांच्या कपात आणखी कॉफी ओतली आणि पुढचा रोलर घेतला.

बुधवार, ६ नोव्हेंबर

परीक्षा झाली. तीच बाई, तीच पाटी. मी मनातल्या मनात विमान उडवलं, वाट चुकवली, ट्रक थांबवला, आणि पिसं लागली तेव्हा हसू इतकं दाटून आलं की गालफडं दुखली. दात मोकळे होते. निघताना त्या बाईनं पाटीवरून माझ्याकडे बघितलं. काही सांगायची तिला परवानगी नाही.

बुधवार, १३ नोव्हेंबर

पास! पास! पास! मिस्टीचा फोन आला तेव्हा मी बिस्किटांचं पीठ मळत होते. फोन पिठानं भरला. लायसनवरचा फोटो नवा आहे. भयंकर आलाय. तोच टांगणार.

शनिवार, १६ नोव्हेंबर

आज दुकान उघडलं. हरणांच्या शिकारीचा पहिला दिवस, म्हणजे या दिवशी हिकरी बेंडमध्ये पुरुषमाणूस शोधून सापडत नाही. आणि सकाळी साताला फुटपाथवर हॉलिस, त्याची पोरगी, ब्रदर लाइल, बँकेतल्या बायका, बँडमास्तर. अस्वलांची सभा भरावी तसे दिसत होते सगळे. "हरणं पळून जातील ना रे," मी म्हटलं. हॉलिस म्हणाला, "या अवतारात बघितलं तर तशीही पळतील."

पण पहिली खुर्ची मिस इमोजीनची. शनिवार असला तरी. त्यांनी रुमाल सोडला. पांढरे, सरळ, पातळ केस, मानेवर रुळलेले. मी त्यांना कधी असं बघितलंच नव्हतं. त्यांच्या एकोणीस वर्षांच्या डोक्याला हात लावतेय असं वाटलं.

केस धुवायला मान मागे टेकवली. कोमट पाणी सोडलं. मला केवढं सांगायचं होतं! तीन महिन्यांचं साठलेलं! परीक्षक बाई, निळ्या केसांची पोर, शेंगदाणे, 'कट कॉर्नर'. लायसन भिंतीवर होतं, आता मला कोण अडवणार होतं? मी श्वास घेतला आणि बघितलं, तर त्यांचे डोळे मिटलेले. तोंड थोडं उघडं. गाढ झोपल्या होत्या. साबणाचा फेस कानावरून ओघळत होता आणि त्या लहान पोरीसारख्या घोरत होत्या.

ब्रदर लाइलनी दारातून डोकं आत घातलं. "वर्लीन, आमचा नंबर कधी..."

मी ओठांवर बोट ठेवलं. ते थांबले. मागे वळून त्यांनी हॉलिसला खूण केली, हॉलिसनं पोरीला, आणि सगळे एकेक करून पाय न वाजवता आत आले. भिंतीला टेकून उभे राहिले. बसायला जागा नव्हती. कोणी चकार शब्द काढला नाही.

मी हळूच केस पुसले आणि पहिला रोलर गुंडाळला.